एकाच अंगणातील दोन कुत्र्या, नसबंदीच्या दोन पद्धती : इंदूरमधील एक प्रकरण

पार्श्वभूमी

जुन्या इंदुरात, राजवाड्यापासून पायी जाता येईल इतक्या अंतरावर, मराठी कुटुंबांची एक जुनी वस्ती आहे. तिथल्या एका वाड्याच्या अंगणात मायलेकी असलेल्या दोन कुत्र्या राहतात. आईला येथे चिंगी आणि लेकीला सोनी म्हणू. नावे आणि ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. वैद्यकीय घटनाक्रम मात्र घडला तसाच आहे. चिंगी त्या वेळी चार-पाच वर्षांची असावी आणि सोनी सात महिन्यांची होती. दोघी तशा कोणाच्याच मालकीच्या नव्हत्या. दिवसा त्या गल्लीत हिंडत आणि रात्री वाड्याच्या ओसरीवर झोपत. वाड्यातल्या आजी निवृत्त शिक्षिका आहेत. त्या आणि त्यांची सून दोघींना दोन वेळा खायला घालत, रेबीजची लस दरवर्षी न चुकता टोचून घेत आणि आजारपणात माझ्याकडे घेऊन येत. मी त्या भागात पशुवैद्यक म्हणून काम करतो. माझ्या दवाखान्यात पोट उघडून करायची नेहमीची शस्त्रक्रिया होते. लहान छिद्रांतून करायच्या दुर्बिणीच्या शस्त्रक्रियेची सोय नाही.

चिंगीच्या शेवटच्या वेतातल्या सहा पिल्लांपैकी दोन गाडीखाली गेली, एक पावसाळ्यात आजारून गेले, दोन ओळखीच्या घरी दिली आणि सोनी मागे राहिली. चिंगी माजावर आली की आसपासच्या गल्ल्यांतले कुत्रे वाड्यापुढे जमत, रात्रभर भांडत, आणि अशाच एका भांडणात शाळेतून परतणाऱ्या मुलाला चावा बसला होता. सोनी आता वयात येणार होती, म्हणजे हाच प्रकार वर्षातून तीन-चार वेळा होणार होता. शेजाऱ्यांची सहनशक्ती संपत आली होती आणि त्यांचे म्हणणे चुकीचे नव्हते.

अडचण

नसबंदी करायची यावर घरात दुमत नव्हते. अडचण पद्धतीची होती. काही वर्षांपूर्वी त्याच अंगणातल्या एका कुत्रीची नसबंदी दुसरीकडे झाली होती. तिसऱ्या-चौथ्या दिवशी टाके उसवले, जखम उघडली आणि ती वाचली नाही. आजींच्या डोळ्यांसमोर ते घडले होते. त्यामुळे पहिल्याच भेटीत त्यांनी स्पष्ट सांगितले, “डॉक्टर, पोट फाडायचं नाही. माझ्या भाचीच्या कुत्रीचं पुण्याला दुर्बिणीतून झालं, दुसऱ्या दिवशी ती जिना चढत होती. तसंच दोघींचं करा. खर्चाचं आम्ही बघू.”

ही मागणी भाबडी नव्हती. कुत्रीच्या नेहमीच्या शस्त्रक्रियेत पोटाच्या मध्यरेषेवर छेद घेऊन दोन्ही अंडाशये आणि गर्भाशय काढतात. लोकांना वाटते की सर्वांत जास्त दुखते ती वरची चीर. प्रत्यक्षात अंडाशयाला शेवटच्या बरगडीच्या बाजूला धरून ठेवणारा एक घट्ट बंध असतो. अंडाशय छेदापर्यंत वर आणण्यासाठी तो ताणावा किंवा तोडावा लागतो, आणि त्या क्षणी भुलेतल्या कुत्रीच्याही हृदयाचे ठोके वाढताना दिसतात. दुर्बिणीच्या शस्त्रक्रियेत अंडाशय जागच्या जागीच सुटे केले जाते, म्हणून हा ताण जवळजवळ टळतो. लहान छिद्रांपेक्षा हा फायदा मोठा आहे असे मी मानतो.

त्याच वेळी, या दोघी घरात बांधून वाढलेल्या नव्हत्या. त्या दहा दिवस शांत बसतील याची खात्री नव्हती, आणि जखमेवर घरच्यांनी सतत लक्ष ठेवायला हवे होते. शरीरात कमीत कमी ढवळाढवळ करणारी पद्धत निवडताना चिरेची लांबी हा एकच निकष धरला असता तर यातले काहीच हिशेबात आले नसते. पकडण्याचा ताण, भुलेचा प्रकार, नंतरची कैद आणि पुन्हा कधी पोट उघडावे लागण्याची शक्यता हे सगळे मिळून ती शस्त्रक्रिया त्या जनावराला किती जड जाते ते ठरते. आम्ही पुढचे सगळे निर्णय या दृष्टीने घेतले.

विचारात घेतलेले पर्याय

पहिला पर्याय महानगरपालिकेच्या नसबंदी मोहिमेचा होता. २०२३च्या प्राणी जन्म नियंत्रण नियमांनुसार रस्त्यावरच्या कुत्र्यांची नसबंदी आणि लसीकरण करून त्यांना जिथून उचलले तिथेच परत सोडायचे असते. खर्च शून्य आणि गल्लीतल्या इतर कुत्र्यांसाठी हाच मार्ग योग्य. पण चिंगीला अनोळखी माणसांनी जाळीत पकडणे आणि पिंजऱ्यात ठेवणे आजींना मान्य नव्हते, आणि शस्त्रक्रियेनंतरची काळजी घरी घेता येत असताना त्याची गरजही नव्हती.

दुसरा पर्याय औषधांचा. गल्लीत “एक सुई दिली की झालं” असे सांगणारे नेहमी भेटतात. ती सुई बहुधा मेड्रॉक्सिप्रोजेस्टेरॉनची असते. तिने माज पुढे ढकलला जातो, पण कुत्रीत हे संप्रेरक गर्भाशयाचे अस्तर जाड करते, पुढे त्यात पू साठण्याचा धोका वाढवते आणि स्तनांतल्या गाठींशीही त्याचा संबंध आहे. हा पर्याय मी चर्चेलाच घेतला नाही. प्रजननाची संप्रेरके दाबून ठेवणाऱ्या डेस्लोरेलिन या औषधाची कातडीखाली बसवायची बारीक कांडी वेगळी. नर कुत्र्यांत तिच्या ४.७ मिलिग्रॅमच्या कांडीचा परिणाम सुमारे सहा महिने आणि ९.४ मिलिग्रॅमच्या कांडीचा सुमारे वर्षभर राहतो. वयात आलेल्या मादीत मात्र ती सुरुवातीला उलट माज आणू शकते, आणि परिणाम संपला की पुन्हा बसवावी लागते. आज ओसरीवर आणि उद्या तीन गल्ल्या पलीकडे असणाऱ्या कुत्रीसाठी, दरवर्षी आठवणीने करावी लागणारी गोष्ट भरवशाची नसते.

सुनेने मांजरांवरच्या एका प्रयोगाबद्दल विचारले. २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या संशोधनात माद्यांना एका विषाणूवाहकाच्या मदतीने अंडाशयातील बीजांची वाढ रोखणाऱ्या अँटी-म्युलेरियन संप्रेरकाचे जनुक एकदाच टोचले होते, आणि दोन वर्षांच्या निरीक्षणात त्या सहा माद्यांपैकी एकीलाही पिल्ले झाली नाहीत. मला त्या कामाबद्दल मनापासून आशा वाटते; शस्त्रक्रियेशिवाय कायमची नसबंदी झाली तर आपल्या शहरांचे चित्र बदलेल. परंतु ते संशोधन सहा मांजरांवरचे आहे आणि दवाखान्यात मिळणारे औषध नाही.

शेजारच्या काकांनी वेगळाच मुद्दा काढला : माद्यांना त्रास देण्यापेक्षा गल्लीतल्या भुऱ्या कुत्र्यालाच सुई का देऊ नये? नराच्या वृषणात कॅल्शियम क्लोराईडचे द्रावण टोचून नसबंदी करण्यावर आपल्याकडे पश्चिम बंगालमध्ये काम झाले असून त्याचे निष्कर्ष २००७ मध्ये प्रसिद्ध झाले. नंतर इटलीत अल्कोहोलमधील २० टक्के द्रावणावर अभ्यास झाला. अमेरिकेत २००३ मध्ये झिंक ग्लुकोनेटच्या अशाच इंजेक्शनला मान्यता मिळाली होती. तंत्र खरे आहे, पण द्रावण वृषणाबाहेर सांडले तर तिथली कातडी सडते, टोचताना गुंगी द्यावीच लागते, आणि नराची शस्त्रक्रिया मुळात पोटाच्या बाहेरची व सोपी असल्याने वाचणारा त्रास थोडा आहे. त्याहून महत्त्वाचे म्हणजे एका भुऱ्याला थांबवून चिंगी थांबणार नव्हती. शेजारच्या गल्लीतले चार नर होतेच.

उरल्या शस्त्रक्रियेच्या तीन वाटा : मध्यरेषेवरची नेहमीची, कुशीतून लहान छेद घेऊन केलेली, आणि दुर्बिणीची.

पहिला निर्णय : चिंगीचा पूर्वेतिहास

दुर्बिणीच्या शस्त्रक्रियेत बहुतेक वेळा फक्त अंडाशये काढतात आणि गर्भाशय आत राहू देतात. अंडाशये पूर्ण निघाली आणि बाहेरून संप्रेरके दिली नाहीत, तर मागे राहिलेले निरोगी गर्भाशय आक्रसते आणि त्यात पू होत नाही. या वाक्यातल्या दोन्ही अटी तितक्याच महत्त्वाच्या आहेत, म्हणून आधी कधी कोणती सुई दिली होती का, असे मी विचारले. आजी आणि सून दोघींनी ठामपणे नाही म्हटले. रेबीजच्या लसीखेरीज काहीच नाही.

मग प्रश्न बदलून विचारला : मध्येच एखादे वर्ष चिंगीला पिल्ले झालीच नाहीत, असे झाले होते का? सून थोडा वेळ थांबली आणि म्हणाली, “हो, सोनीच्या आधी बरेच दिवस काही नव्हतं. आम्हाला वाटलं वय झालं असेल.” त्याच संध्याकाळी तिने गल्लीत चौकशी केली. पलीकडच्या घरातल्या एका गृहस्थांनी चांगल्या हेतूने कोणाकडून तरी चिंगीला “पिल्लं न होण्याची सुई” दोनदा टोचून घेतली होती. सुईचा परिणाम ओसरल्यावर सोनीचे वेत झाले, आणि घरात कोणाला याची खबरही नव्हती.

दुसरा निर्णय : सोनोग्राफी आणि पद्धतीची निवड

या माहितीनंतर चिंगीची सोनोग्राफी आणि रक्ततपासणी करून घेतली. गर्भाशयाच्या दोन्ही शाखांची भिंत जाड झालेली होती आणि अस्तरात लहान लहान पोकळ्या दिसत होत्या. पू किंवा पाणी साठलेले नव्हते. पांढऱ्या पेशी मर्यादेत होत्या. म्हणजे आजार सुरू झाला होता, पण तातडीचे संकट नव्हते. असे गर्भाशय मागे ठेवणे योग्य नव्हते. फक्त अंडाशये काढण्याची दुर्बिणीची पद्धत चिंगीसाठी तिथेच बाद झाली.

दुर्बिणीच्या मदतीने गर्भाशयही काढता येते : अंडाशये आत सोडवून मग खालचे छिद्र थोडे मोठे करून सगळे बाहेर घेतात. पण जाड झालेले नाजूक गर्भाशय लहान छिद्रातून ओढताना फाटले तर आतला द्रव पोटात सांडतो. कुशीतून करायच्या पद्धतीचा मी गंभीरपणे विचार केला, कारण रस्त्यावरच्या कुत्रीत तिचे दोन मोठे गुण आहेत : जखम लांबूनही दिसते, आणि टाके सुटले तरी आतडी खाली उतरण्याची शक्यता मध्यरेषेपेक्षा कमी असते. अंगावर पाजणाऱ्या कुत्रीत तर ती अधिक सोयीची, कारण दुधाने भरलेल्या स्तनांमधून छेद घ्यावा लागत नाही. चिंगीचे दूध मात्र केव्हाच आटले होते, आणि सुजलेले गर्भाशय मुखापर्यंत पूर्ण काढण्यासाठी कुशीच्या छेदातून हात नीट पोहोचत नाही. म्हणून चिंगीसाठी मध्यरेषेवरचा उघडा छेद ठरला, म्हणजे आजींना जी पद्धत नको होती तीच.

हे सांगणे सर्वांत अवघड होते. मी सोनोग्राफीचे चित्र त्यांच्यापुढे ठेवले आणि आधीच्या कुत्रीचे टाके कशाने उसवले असू शकतात ते समजावले. पोटाच्या स्नायूंवरील शुभ्र पट्टी हा छेद बंद करताना भार पेलणारा थर असतो. तो नीट धरून शिवला आणि कुत्री चाटणार नाही, उड्या मारणार नाही याची व्यवस्था केली, तर जखम उघडण्याचे कारण उरत नाही. कातडीचे टाके आतल्या बाजूने, विरघळणाऱ्या धाग्याने घालायचे ठरवले, म्हणजे चाटून ओढायला बाहेर दोराच नसेल आणि काढण्यासाठी पुन्हा पकडावेही लागणार नाही. आजींनी एक दिवस मागून घेतला आणि होकार दिला.

सोनीचे गणित वेगळे होते. तरुण, सडपातळ, अजून माजावर न आलेली, गर्भाशय निरोगी. पहिल्या माजाआधी नसबंदी केल्यास स्तनांच्या गाठींचा धोका नसबंदी न झालेल्या कुत्रीच्या धोक्याच्या ०.५ टक्क्यावर, पहिल्या माजानंतर ८ आणि दुसऱ्यानंतर २६ टक्क्यांवर राहतो, हे १९६९च्या एका अमेरिकी अभ्यासातले आकडे आजही सांगितले जातात. २०१२च्या एका आढाव्याने हा पुरावा वाटतो तितका भक्कम नाही असे दाखवले, म्हणून त्या आकड्यांच्या धाकाने घाई करणे मला पटत नव्हते. पण सोनीला वाट पाहायला लावण्यातही काही लाभ नव्हता. तिच्यासाठी दुर्बिणीने फक्त अंडाशये काढायचे ठरले. शहरातल्या एका सहकाऱ्याकडे ती सोय होती. खर्च माझ्याकडच्या शस्त्रक्रियेच्या कितीतरी पट होता आणि तो घरच्यांनी विचार करून स्वीकारला.

तिसरा निर्णय : वेळ

हा काळ होळीच्या आसपासचा होता. इंदुरात रंगपंचमीला राजवाड्याच्या परिसरात गेर, म्हणजे रंग उधळणारी मिरवणूक, निघते. ढोल, ध्वनिक्षेपक, टँकरमधून उडणारा रंग आणि हजारो माणसे. पोटाला ताजी जखम असलेली, घाबरलेली कुत्री त्या दिवशी ओसरीच्या दारातून सुटली असती तर सगळे शिवण वाया गेले असते. दुसरीकडे चिंगीच्या गर्भाशयाला अनिश्चित काळ थांबवणे बरोबर नव्हते. रक्ततपासणी समाधानकारक असल्याने रंगपंचमी उलटल्यावर लगेचची तारीख घेतली, आणि तोवर पाणी जास्त पिणे, खाणे सोडणे, ताप किंवा मागून स्राव यातले काहीही दिसले तर त्याच दिवशी यायचे, असे घरी लिहून दिले. आधी चिंगी, आणि ती मोकळी झाल्यावर सोनी, असा क्रम ठेवला. दोन रुग्णांना एका खोलीत आवरणे त्या घराला जमले नसते.

प्रत्यक्ष उपचार

चिंगीला सुनेने स्वतः आणले आणि भूल चढेपर्यंत ती जवळ बसून राहिली. भुलेपूर्वी वेदनाशामक दिले, अंडाशयाच्या बंधात आणि छेदाच्या रेषेत जागा बधिर करणारे लिग्नोकेन टोचले. गर्भाशय न फाटता पूर्ण बाहेर आले. टेबलावर ते उघडून पाहिले तेव्हा आतले अस्तर भिजवलेल्या साबुदाण्यासारख्या टपोऱ्या, पारदर्शक फोडांनी भरलेले होते. मी ते आजींना दाखवले. दुर्बिणीचा हट्ट आपण का सोडला, हे त्यानंतर मला त्यांना पुन्हा सांगावे लागले नाही.

सोनीच्या वेळी मी सहकाऱ्याबरोबर उपस्थित होतो. पोटात ८ ते १२ मिलिमीटर पाऱ्याच्या दाबाच्या मर्यादेत कार्बन डायऑक्साइड भरला जातो. त्याने श्वासपटलावर दाब येतो, म्हणून श्वासनलिकेत नळी घालून आयसोफ्लुरेनची भूल आणि गरज पडल्यास यंत्राने श्वास देण्याची तयारी लागते. दुर्बिणीच्या शस्त्रक्रियेला हलकीफुलकी समजणाऱ्यांनी ही बाजू ध्यानात घ्यावी : छिद्र लहान असले तरी भुलेची व्यवस्था अधिक काटेकोर लागते, आणि ती नसेल तर उघडा छेद जास्त सुरक्षित. टेबल एका बाजूला कलवले की आतडी बाजूला सरकतात आणि अंडाशय समोर येते. ते पोटाच्या भिंतीतून घातलेल्या एका टाक्याने वर टांगून धरले, रक्तवाहिन्या उष्णतेने सील करत कापल्या आणि छिद्रातून बाहेर काढले. कुत्रीचे अंडाशय चरबीच्या पिशवीत दडलेले असते. म्हणून बाहेर काढल्यावर ती पिशवी चिरून आतले अंडाशय अखंड आहे ना, हे दोन्ही बाजूंचे तपासले. तुकडा मागे राहिला तर कुत्री पुन्हा माजावर येते आणि पोट पुन्हा उघडावे लागते. या तपासणीला एक मिनिटही लागत नाही, आणि ती टाळू नये.

कानाच्या खाचेचा प्रश्न अनपेक्षितपणे वादाचा ठरला. नसबंदी झालेल्या रस्त्यावरच्या कुत्र्याच्या कानाला ओळखीसाठी खाच घेतात. आजी म्हणाल्या, “एवढं सगळं जपून केलं, आता कान कशाला कापायचा?” परंतु सोनीच्या पोटावरच्या खुणा केस उगवल्यावर बोटाने शोधूनही सापडल्या नसत्या. ती मोहिमेच्या गाडीला सापडली असती तर नसबंदी न झालेली समजून तिचे पोट पुन्हा उघडले गेले असते. जितका छेद लहान, तितकी कानाची खूण गरजेची. भुलेत असतानाच दोघींच्या कानाला खाच घेतली.

परिणाम

चिंगी तिसऱ्या दिवसापासून नीट खाऊ लागली. चौथ्या दिवशी घरातल्या नातवाने दया येऊन तिच्या गळ्यातली कॉलर काढली आणि तिने जखम चाटली. थोडी सूज आणि पाणी आले, पण आतला थर घट्ट होता आणि सूज आठवड्यात उतरली. प्रयोगशाळेच्या अहवालात गर्भाशयाच्या अस्तराची पुटीमय (द्रवाच्या फोडांनी भरलेली) वाढ असे निदान आले, पेशींत कर्करोगाची लक्षणे नव्हती.

सोनी त्याच संध्याकाळी उभी राहून शेपटी हलवत होती. एका छिद्राजवळ कातडीखाली थोडा वायू साठून हाताला चुरचुर लागत होते. ते दोन दिवसांत जिरले. तिला बरे वाटत होते हीच पुढची अडचण ठरली, कारण आतली शिवण कच्ची असताना ती गल्लीत धावायला निघे आणि तिला खोलीत धरून ठेवणे चिंगीपेक्षा कठीण गेले. वर्ष उलटून गेले असून दोघींपैकी कोणीही माजावर आलेली नाही आणि वाड्यापुढे कुत्र्यांची गर्दी होत नाही. सोनीचे वजन मात्र वाढले आहे. नसबंदीनंतर शरीराला अन्न कमी लागते, आणि गल्लीतली पाच घरे तिला पोळी-बिस्किटे घालतात. आजींच्या ताटातले कमी करून उपयोग झाला नाही, सगळ्यांना सांगावे लागले.

काय वेगळे करता येईल

पूर्वेतिहास एका घराकडून न घेता गल्लीकडून घ्यावा. सामायिक कुत्रीला कोणी काय टोचले हे तिला खाऊ घालणाऱ्यांनाही ठाऊक नसते, आणि “सुई दिली का” यापेक्षा “कधी पिल्ले चुकली का” या प्रश्नाने अधिक कळते. प्रौढ मादीची सोनोग्राफी पद्धत ठरवण्याआधी व्हावी. येथे ती नंतर झाली असती तर घरच्यांची मनाची तयारी दुसऱ्यांदा मोडावी लागली असती.

सोनीच्या खर्चाबद्दल माझे मत मी घरच्यांनाही सांगितले आहे. तिचा त्रास दुर्बिणीने निश्चित कमी झाला. तरीही अशा तरुण, सडपातळ कुत्रीत चांगल्या वेदनाशमनासह तीन-चार सेंटिमीटरच्या छेदातून फक्त अंडाशये काढली असती, तर फरक थोडाच राहिला असता आणि उरलेल्या पैशांत गल्लीतल्या आणखी दोन माद्यांची नसबंदी होऊ शकली असती. त्याच पावसाळ्यात त्या दोघीही व्याल्या. पैसा कुटुंबाचा होता आणि सोनीवर त्यांचा जीव होता, त्यामुळे निर्णय त्यांचाच. पण हा पर्याय पहिल्या बैठकीतच खर्चासह मांडायला हवा, असे आता अशा प्रत्येक घरी आम्ही करतो.

त्या दोन माद्यांसाठी आजींनीच या वर्षी वर्गणी जमवली. एकीची लहान छेदातून शस्त्रक्रिया होऊन ती गल्लीत परतली आहे. दुसरी पुन्हा व्याली असून पिल्ले अंगावर पीत आहेत. पिल्लांचे दूध सुटेपर्यंत आम्ही थांबलो आहोत. तिचे दूध पूर्ण आटलेले नसले तरी पुढचा माज येण्याआधी कुशीतून शस्त्रक्रिया करायचे ठरले आहे, आणि तिला याआधी कोणी सुई टोचली होती का, याची गल्लीत चौकशी सुरू आहे.